कुर्त्याखालचं पिस्तूल: कॉम्पॅक्ट की अल्ट्रा-कॉम्पॅक्ट?

मंगळवारी रात्री अकराला वहिनींचा फोन आला. दुकान बंद करून त्या नुकत्याच घरी पोचल्या होत्या. दोन चौक पलीकडच्या पंपावर आदल्या आठवड्यात चाकू दाखवून गल्ला लुटला होता. "भावजी, मला पिस्तूल घ्यायचंय," त्यांनी सरळ सुरुवात केली. "हे म्हणतात, माझं ग्लॉक आहे ना घरात, तेच वापर. पण ते माझ्या हातात मावत नाही. विकणारा म्हणतो, बायकांनी छोटंच घ्यावं. आता तुम्ही सांगा."

मी ह्यूस्टनच्या पश्चिमेला राहतो आणि गेली अकरा वर्षं टेक्सासच्या पिस्तूल परवान्याचे वर्ग घेतो. हा प्रश्न दर वर्गात कुणीतरी विचारतंच. यावेळी मी फोनवर उत्तर दिलं नाही, त्याला कारण होतं. दोन वर्षांपूर्वी अशाच एका ताईंना मी ठामपणे "कॉम्पॅक्टच (म्हणजे मध्यम आकाराचं) घ्या" म्हणून सांगितलं होतं. नेमबाजीच्या रेंजवर त्यांचा नेम उत्तम होता. सहा महिन्यांनी भेटल्या तेव्हा कळलं की पिस्तूल कपाटात पडून आहे आणि रेंज सोडून ते कुठेही गेलेलं नाही. मी त्यांचा नेम बघितला होता, त्यांचे कपडे आणि त्यांचा दिवस बघितला नव्हता. म्हणून वहिनींच्या बाबतीत आम्ही पाच आठवडे लावले. ती हकिगत त्यांच्या परवानगीने लिहितो आहे.

वहिनी आणि त्यांचा दिवस

वय ५२, उंची पाच फूट एक इंच, हात लहान. उजव्या अंगठ्याच्या मुळाशी संधिवाताची सुरुवात. पंप आणि त्याला जोडून किराणा दुकान, मालकी दोघांची. सकाळची पाळी भाऊ सांभाळतात, दुपारी तीनपासून बंद होईपर्यंत वहिनी. रात्री गल्ला मोजायचा, पिशवी बँकेच्या रात्रपेटीत टाकायची आणि घरी यायचं. दुकानाचं दार ते गाडी आणि गाडी ते बँकेची पेटी, ही दोन अंतरं त्यांच्या मनात होती. अंगात बहुतेक दिवस कुर्ता आणि नाडीची सलवार, थंडीत वरून स्वेटर.

कायद्याची बाजू आधी तपासली, कारण आपल्या लोकांची इथेच फसगत होते. टेक्सासात १ सप्टेंबर २०२१ पासून २१ वर्षांवरच्या, कायद्याने मनाई नसलेल्या माणसाला परवान्याशिवायही पिस्तूल बाळगता येतं. पण शाळेच्या हद्दीपासून हजार फुटांच्या आत पिस्तूल बाळगायला केंद्रीय कायद्याची मनाई आहे. त्या राज्याचा परवाना असणाऱ्याला त्यातून सूट मिळते. वहिनींच्या घरापासून दुकानापर्यंतच्या रस्त्यावर दोन शाळा लागतात, तेव्हा परवाना काढायचाच असं पहिल्याच दिवशी ठरलं.

दुसरी गोष्ट त्यांच्या भाच्याची. तो एच-वन-बी व्हिसावर आहे आणि त्यांच्याच घरी राहतो. अशा तात्पुरत्या व्हिसावरच्या माणसाला केंद्रीय कायद्याने पिस्तूल किंवा काडतूस जवळ बाळगता येत नाही. शिकारीचा वैध परवाना असण्यासारखे मोजके अपवाद आहेत, पण ते गृहीत धरायचे नसतात. ग्रीन कार्डवाल्यांना ही अडचण नाही आणि वहिनी तर नागरिक आहेत. तरी पिस्तूल घरात ज्या पेटीत राहणार तिची किल्ली किंवा आकडा भाच्याला माहीत असता कामा नये. भाऊंचं ग्लॉक तोवर पलंगाशेजारच्या उघड्या खणात होतं. त्याच आठवड्यात पेटी आली. मित्राच्या हौसेखातर रेंजवर चार गोळ्या झाडून फोटो टाकणारी एच-वन-बीवरची मुलं मी पाहिली आहेत. त्यांना कुणी वेळेवर सांगत नाही, म्हणून इथे मुद्दाम लिहिलं.

तीन पिस्तुलं, एक मोजपट्टी

कॉम्पॅक्ट, सबकॉम्पॅक्ट, मायक्रो हे पिस्तुलाच्या आकारासाठी कंपन्यांचे शब्द आहेत आणि ते सैल आहेत. मी मोजपट्टीवर विश्वास ठेवतो. टेबलावर तीन पिस्तुलं मांडली, तिन्ही ९ मिमी गोळीची, तिन्ही रिकामी, मॅगझिन (मुठीत बसणारी गोळ्यांची डबी) बाजूला काढलेली, नळी वहिनींनी स्वतः बोट घालून तपासलेली.

पहिलं ग्लॉक १९. हे १९८८ साली आलं आणि कॉम्पॅक्ट म्हटलं की आजही बहुतेकांच्या डोळ्यांपुढे हेच येतं. लांबी सुमारे १८५ मिमी, उंची १२८, जाडी ३४, मॅगझिनमध्ये १५ गोळ्या, भरलेलं वजन साधारण ८५० ग्रॅम.

दुसरं सिग पी३६५. हे २०१८ साली आलं आणि त्याने बाजार बदलला. त्याआधी एवढ्या बारीक पिस्तुलात गोळ्या एकावर एक रचलेल्या असायच्या आणि सहा-आठवर गाडी थांबायची. सिगने मॅगझिनमध्ये त्या किंचित तिरप्या, जेमतेम दीड ओळीत बसवल्या आणि इंचभर जाडीत दहा मावल्या. लांबी १४७ मिमी, उंची १०९, नळी ७९ मिमी, भरलेलं वजन सव्वासहाशे ग्रॅमच्या आसपास. हे अल्ट्रा-कॉम्पॅक्ट.

तिसरं मी मुद्दाम आणलं, ग्लॉक ४३एक्स, २०१९ सालचं. दहा गोळ्या, वजन भरून साडेसहाशे ग्रॅमच्या घरात, जाडी २८ मिमी. मधला मार्ग म्हणून दुकानात बायकांच्या हाती हेच दिलं जातं. वहिनींनीही हातात घेताच म्हटलं, "हेच छान आहे की! चारही बोटं बसतात." मी पट्टी दिली. त्यांनी उंची मोजली, १२८ मिमी. ग्लॉक १९ ची उंची तेवढीच.

त्या क्षणी त्यांना पटलं असं नाही, पण पुढच्या सगळ्या चर्चेचा गाभा त्या १२८ मध्ये होता. पिस्तूल कमरेला लावलं की नळी पँटच्या आत जाते. कपड्याबाहेर उरते ती मूठ, आणि कापडावर ठसा उठतो तो मुठीच्या खालच्या कोपऱ्याचा. नळी दोन सेंटिमीटर लांब असली तरी ती कुणाला दिसत नाही. मूठ दोन सेंटिमीटर लांब असली की वाकल्यावर कुर्त्याला शेपूट फुटतं. जाडीबद्दल लोक फार बोलतात, उंचीबद्दल कमी. माझ्या मते उंचीच आधी बघावी.

रेंजवर

रेंजवर पिस्तुलं भाड्याने मिळतात, तेव्हा विकत घेण्याआधी झाडून बघणं अवघड नाही. तीन शनिवार गेलो. कागद पाच यार्डांवर, प्रत्येक पिस्तुलाने पाच-पाच गोळ्यांच्या फैरी, घाई नाही.

ग्लॉक १९ ने वहिनींच्या गोळ्या बशीएवढ्या जागेत बसल्या. पी३६५ ने त्याच हातांनी, त्याच दिवशी, त्या जेवणाच्या ताटाएवढ्या पसरल्या. ४३एक्स दोहोंच्या मध्ये, पण बशीकडे झुकणारं. यात नवल काही नाही. मागच्या खाचेपासून पुढच्या माशीपर्यंतचं अंतर ग्लॉक १९ वर पंधरा सेंटिमीटर, छोट्यावर तेरा. अंतर कमी झालं की नेमातली तीच चूक कागदावर मोठी होऊन पडते. शिवाय गोळी तीच, दारू तीच, मागे येणारा रेटा जवळपास तोच. तो झेलणारं वजन पाव हिस्सा कमी झालं, तर हातात शिरणारी झटक्याची ऊर्जा साधारण एक तृतीयांशाने वाढते. सपाट तळाचं दहाचं मॅगझिन लावलं की करंगळी हवेत राहते, मग प्रत्येक गोळीनंतर पकड सरकते आणि पुन्हा बसवावी लागते.

तिसाव्या गोळीनंतर वहिनींच्या अंगठा आणि तर्जनीमधली कातडी लाल झाली. त्या काही बोलल्या नाहीत, पण गोळ्या खाली-डावीकडे जाऊ लागल्या. मग मी नेहमीची युक्ती केली. मॅगझिन मी भरलं, त्यात मध्येच दोन नकली काडतुसं घातली, कुठे ते सांगितलं नाही. दोन गोळ्या सुटल्या. तिसऱ्याला नुसता खट् आवाज झाला, आणि पिस्तुलाचं तोंड बोटभर खाली डुचकळलं. धक्का आलाच नव्हता, हाताने तो आधीच गृहीत धरला होता. वहिनींनी पिस्तूल तसंच खाली रोखून ठेवलं आणि म्हणाल्या, "अगं बाई, हे मी करते?" सगळेच करतात. छोट्या पिस्तुलावर लवकर करायला लागतात, आणि ती सवय लागली की सोडवायला महिने जातात.

हे पाहून कुणीही ग्लॉक १९ म्हणेल. दोन वर्षांपूर्वी मी तेच म्हणालो होतो.

पण दोन गोष्टी त्याच्या विरोधात होत्या. त्याची मूठ वहिनींच्या तळव्याला जाड पडत होती. चापापर्यंत तर्जनी नीट पोचावी म्हणून त्या मनगट किंचित फिरवायच्या, मग मागचा झटका हाताच्या रेषेत न येता अंगठ्याच्या मुळावर यायचा, नेमका दुखऱ्या सांध्यावर. मोठं पिस्तूल सौम्य असतं हे खरं, पण ते हातात सरळ बसलं तरच. दुसरी गोष्ट स्लाइडची, म्हणजे पिस्तुलाच्या वरच्या सरकत्या भागाची. स्लाइड मागे खेचताना मोठ्या पिस्तुलावर धरायला जागा भरपूर असते, छोट्यावर दोन बोटांची चिमटी. तिथे पी३६५ हरेल असं मला वाटलं होतं, पण वहिनींनी तिन्ही स्लाइडी खेचल्या. तंत्र मात्र बदलावं लागलं. डावा पंजा वरून पसरून स्लाइड धरायची आणि उजव्या हाताने पिस्तूल पुढे ढकलायचं. चिमटीने ओढण्याचा नाद सोडला की अंगठ्यावर भार येत नाही.

घरात चौदा दिवस

माझ्याकडे निळ्या प्लॅस्टिकचे नमुने आहेत, आत वजन भरलेले, आकाराने हुबेहूब. ते होल्स्टरमध्ये, म्हणजे पिस्तुलाच्या म्यानात, बसतात, त्यातून काही सुटत नाही. वहिनींना तिन्हींचे नमुने आणि एक वही दिली. रोज सकाळी एक लावायचं, कधी काढलं आणि का काढलं ते लिहायचं. दुकानात न लावता आधी घरात, मग बाजारहाट, मग भाऊंच्या सोबतीने दुकानात.

वही माझ्याकडे आहे. ग्लॉक १९ च्या दिवसांत 'काढलं' हा शब्द बहुतेक पानांवर दुपारच्या आत येतो. "गल्ल्यामागच्या स्टुलावर बसलं की नळीचं टोक मांडीत रुततं." "सलवार उजवीकडे ओघळते." "स्वयंपाक करताना काढून ठेवलं, परत लावलं नाही." ४३एक्सच्या पानांवर वजनाची तक्रार नाही, पण हे आहे: "वरच्या फळीवरचे चहाचे डबे काढताना हिने विचारलं, कमरेला काय आहे." ही म्हणजे त्यांची मुलगी. कुर्त्याची बाजूची चीर हात वर केला की वर चढते आणि मुठीचा कोपरा बाहेर डोकावतो. पी३६५ च्या पानांवर बरेच दिवस नुसती तारीख आणि रात्री दहाची नोंद आहे, मध्ये काही नाही. विसरल्या होत्या.

आणि एक पान नाडीचं.

दहाव्या दिवशी मी त्यांच्याकडे गेलो होतो. रिकामं, दोनदा तपासलेलं खरं पी३६५ घेऊन होल्स्टरमधून काढण्याचा आणि परत ठेवण्याचा सराव चालला होता. सलवारीवर पोटाला गुंडाळायचा रुंद पट्टा, त्यात होल्स्टर. पिस्तूल परत ठेवताना वहिनींची नजर समोर होती. मला दिसलं की सलवारीच्या नाडीचं गोंड्याचं टोक होल्स्टरच्या तोंडात पडलं आहे. मी "थांबा" म्हणेपर्यंत पिस्तूल अर्धं आत गेलं होतं, नाडी चापाच्या कड्यात शिरली होती आणि चाप मागे सरकत होता. खट्.

खोलीत कुणी हललं नाही. पिस्तूल रिकामं होतं, पण त्याचं तोंड होल्स्टरमध्ये कुठे असतं ते सगळ्यांना ठाऊक होतं. अमेरिकेत जॅकेटच्या दोऱ्यांनी असे अपघात झाले आहेत, ते मी वर्गात सांगतो. नाडीचा विचार माझ्याही मनात आला नव्हता. आपल्या बायकांच्या कपड्यांत नाड्या, लटकनं, ओढणीची टोकं किती असतात, आणि इथली सगळी होल्स्टरं जीन्स आणि पट्ट्याचा विचार करून बनलेली.

त्या दिवसापासून दोन नियम ठरले. नाडीच्या कपड्यावर पिस्तूल नाही, मग ते कितीही छोटं असो. आणि परत ठेवताना थांबायचं, खाली बघायचं, कुर्ता डाव्या हाताने छातीपर्यंत उचलून धरायचा, मग सावकाश. पिस्तूल बाहेर काढायला घाई असू शकते, परत ठेवायला ती कधीच नसते.

पर्सचा विषय भाऊंनी काढला होता. मी नको म्हटलं. पर्स खांद्यावरून हिसकावली जाते, खुर्चीला अडकवून विसरते, आणि पाहुण्यांची लेकरं चॉकलेट शोधायला आधी पर्समध्येच हात घालतात. १७ वर्षांखालच्या मुलाच्या हाती भरलेलं पिस्तूल लागेल असं निष्काळजीपणे ठेवणं टेक्सासात गुन्हा आहे. कायदा नसता तरी मी नको म्हटलं असतं.

निवड

पाचव्या आठवड्यात वही आणि कागद शेजारी ठेवले. वहिनींनी पी३६५ घेतलं, बारा गोळ्यांच्या मॅगझिनसह. ते मॅगझिन थोडं खाली येतं, करंगळीला टेकायला जागा होते, आणि दहाच्या सपाट मॅगझिनपेक्षा पकड लक्षणीय सुधारते. उंची थोडी वाढते, तरी १२८ च्या खालीच राहते. ताटाएवढा पसारा त्याने वाडग्याएवढा झाला.

मी त्यांना स्पष्ट सांगितलं की छोटं पिस्तूल घेणं म्हणजे सरावाचं कर्ज डोक्यावर घेणं. ग्लॉक १९ वाल्याचा हात दोन महिने रेंजवर न जाताही बरा राहतो, छोट्याचा राहत नाही. म्हणून महिन्यातून दोन शनिवार, दर वेळी पन्नासच गोळ्या. दीडशे झाडल्या की शेवटच्या शंभर डुचकळण्याची सवय पक्की करतात. घरी रोज पाच मिनिटं रिकाम्या पिस्तुलावर चाप ओढायचा, काडतुसं दुसऱ्या खोलीत.

गोळ्यांच्या संख्येवर आम्ही फार वेळ घालवला नाही. पंधरा आणि बारामधल्या तीन गोळ्यांसाठी पिस्तूल घरी राहणार असेल, तर ती तुलना निरर्थक आहे. भाऊंना मात्र हे शेवटपर्यंत मान्य नव्हतं. दोघांचं पिस्तूल एकच असावं, मॅगझिन एकमेकांची चालावीत, असा त्यांचा आग्रह होता. त्यांच्या म्हणण्यात तथ्य आहे. पण त्यांचा हात आणि वहिनींचा हात एक नाही.

होल्स्टर निवडायला पिस्तुलापेक्षा जास्त दिवस गेले. कायडेक्स नावाच्या कडक प्लॅस्टिकचं, चाप पूर्ण झाकणारं, कमरेच्या आत पुढच्या बाजूला लावायचं. नितंबाच्या बाजूला लावलं की बायकांच्या कमरेचा बाक मूठ बाहेर ढकलतो, पुढे तसं होत नाही. छोट्या पिस्तुलाचं वजन पट्ट्याच्या वरच जास्त राहतं, त्यामुळे ते बाहेर कलतं. म्हणून होल्स्टर नळीपेक्षा लांब घेतलं, म्हणजे खालचा भाग टेकू देतो. त्याला क्लॉ नावाचा एक छोटा पंख असतो, तो पट्ट्याला आतून टेकतो आणि मूठ पोटाकडे वळवतो. स्वस्तातला तो तुकडा कुर्त्याखाली जे करतो ते महागडं पिस्तूल करू शकत नाही.

परवान्याची परीक्षा त्यांनी याच पिस्तुलाने दिली. ५० गोळ्या: २० तीन यार्डांवरून, २० सात यार्डांवरून, १० पंधरा यार्डांवरून. २५० पैकी १७५ लागतात. तीन आणि सातवर त्यांचे फार गुण गेले नाहीत. पंधरावर गेले, खाचेपासून माशीपर्यंतच्या तेरा सेंटिमीटरची किंमत तिथेच कळते. तरी पास झाल्या.

नंतर

मंडळाचा गणपती इथे शाळेच्या भाड्याच्या सभागृहात असतो आणि शाळेच्या इमारतीत पिस्तूल चालत नाही. त्या दिवशी वहिनींनी ते घरच्या पेटीतच ठेवलं. गाडीत ठेवून आत जाणारे अनेक जण आहेत, मी त्यांना सांगत असतो की काच फोडून नेलेलं पिस्तूल पुढे कुणाच्या हातात जातं याचा विचार करा. गाडीत ठेवायचीच वेळ आली तर सीटला तारेने बांधलेली लोखंडी पेटी हवी.

डिसेंबरात त्या पुण्याला गेल्या. जाण्याआधी मी दोनदा फोन केला: रेंजवर नेलेली कुठलीच पिशवी प्रवासाला नेऊ नका. भारतात विमानतळावर सामानात विसरलेलं एक काडतूस सापडलं तरी शस्त्र कायद्याखाली चौकशी मागे लागते, आणि ९ मिमी तर तिथे सामान्य माणसाला निषिद्ध बोअर (नळीचा व्यास) आहे. वहिनींनी नवी बॅग घेतली.

पुण्यात त्यांनी नेहमीच्या शिंप्याकडे सहा कुर्ते शिवायला टाकले. बाजूची चीर चार बोटं खाली सुरू करायला सांगितली, घेर थोडा वाढवला, कापड छापील घेतलं, कारण सपाट रंगावर ठसा लगेच दिसतो. सोबत सुती पँटी, नाडी काढून, कमरेला अस्तर आणि रुंद पट्टा जाईल अशा लुपा. शिंप्याने विचारलं, "ताई, कुर्त्याखाली पट्टा कशाला?" त्यांनी सांगितलं, दुकानाच्या किल्ल्या जड आहेत.

परत आल्यावर पहिल्या शनिवारी पाच यार्डांवर त्यांच्या पाच गोळ्या वाडग्यापेक्षा लहान जागेत बसल्या. नकली काडतुसावर तोंड हललं, पण थोडंच. थंडीत अंगठा मात्र आखडतो. जानेवारीत एका सकाळी स्लाइड तिसऱ्या प्रयत्नात मागे आली. ते दुखणं वाढत गेलं तर पी३६५ सोडावं लागेल. स्मिथ अँड वेसनचं शील्ड ईझी हे सहज खेचता येणाऱ्या स्लाइडचं पिस्तूल आहे, ते अंगाने मोठं आहे आणि त्याची मूठही लांब आहे. पुढच्या शनिवारी ते भाड्याने घेऊन बघायचं ठरलंय. वहिनी म्हणाल्या, "येताना वही आणि निळा नमुना दोन्ही आणा, भावजी."